एकाहत्तरचं बटण

झेरॉक्सबाईंना "पुन्हा करा" असं म्हणायची हिंमत सव्वीस वर्षांत कुणालाही झाली नव्हती. नकाशा कार्यालयातले साहेब बदलले, साहेबांचे साहेब बदलले, जिन्याखालच्या खोलीतलं मशीनसुद्धा चारदा बदललं, पण मशीनसमोरच्या खुर्चीत बाई त्याच. अख्ख्या शहराचे नकाशे त्यांच्या काचेवरून जायचे. कुणी पिन न काढता कागद पुढे केला, की बाई चष्म्यावरून नुसतं बघायच्या आणि समोरचा माणूस मुकाट्याने पिन काढायला लागायचा. नाकावर माशी बसू द्यायच्या नाहीत.

आणि आता रोज संध्याकाळी पाच ते सहा, स्वतःच्या स्वयंपाकघरात, स्वतःच्या टेबलावर, स्वतःच्या सुनेच्या तोंडून त्या "पुन्हा करा" ऐकत होत्या. एका तासात नऊ वेळा. त्यांनी मोजलं होतं.

झालं होतं असं. वरून आदेश आला की कुठल्याही विभागाचा प्रमुख किमान दहावी पास असला पाहिजे. झेरॉक्स विभागात माणसं दोन, पण विभाग तो विभागच. बाई नववीपर्यंत शिकलेल्या. त्यांनी पदर खोचला, दहावीचा फॉर्म भरला आणि बाकीचे सगळे विषय एका दमात काढले. गणित मात्र हातावर तुरी देत राहिलं. पहिल्यांदा दोन गुणांनी गेलं, दुसऱ्यांदा एका गुणाने. आता तिसरी खेप, आणि ती शेवटची, कारण आदेशातली मुदत त्या निकालानंतर आठवड्यातच संपत होती. त्यानंतर बाई टपाल खिडकीवर जाणार, पाकिटांना डिंक लावणार, आणि खुर्चीत बसणार लॅमिनेशनवाला.

लॅमिनेशनवाला तसा वाईट माणूस नव्हता. चाळिशीचा, किडकिडीत, कागदांना प्लास्टिक चढवायचं काम करायचा, आणि दहावी कधीच पास झालेला. फक्त एकदा, बाई डबा खायला गेल्या असताना, तो खुर्चीत बसून आला होता. पाठ नीट टेकत नाही असं त्याला वाटलं, म्हणून त्याने घरून एक उशी आणून ठेवली. फुलाफुलांची उशी. ती समोरच्या कपाटात होती, कपाटाला काच होती, आणि बाईंना ती दिवसभर दिसायची.

पगार दोन्हीकडे तोच होता, त्यामुळे प्रश्न पैशाचा नव्हता. पण वरच्या मजल्यावरचे इंजिनियर दारात उभे राहून "बाई, झालं का हो?" असं अजिजीने विचारायचे, तेव्हा आपण कुणीतरी आहोत असं बाईंना वाटायचं. टपाल खिडकीवर कोण कशाला अजिजी करेल? 

सून शाळेत गणित शिकवत होती. लग्नाला चार वर्षं झाली होती आणि सासू-सुनेचं तसं बरं चाललं होतं. म्हणजे भांडण व्हावं इतकं बोलणंच होत नव्हतं. शिकवणीचा प्रस्ताव चिरंजीवांनी मांडला आणि मांडल्या मांडल्या चहाचा कप घेऊन ते बाल्कनीत गेले. अडचणीच्या वेळी बाल्कनीत जायची त्यांची जुनी सवय होती.

सगळं सुरळीत चाललं होतं ते वर्गमुळांचा धडा येईपर्यंत. त्यातही √१८ भागिले √२ हे गणित बाईंना एकदम पटलं. दोन्ही आकडे एकाच मुळाखाली घ्यायचे, अठराला दोनने भागायचं, आले नऊ, नऊचं वर्गमूळ तीन. मग सुनेने पुढचं गणित घातलं: पाच भागिले √३.

"पाचाला तीनच्या मुळाने भाग जात नाही," बाई म्हणाल्या. "आहे ते उत्तर. झालं."

"नाही झालं, आई. छेदात वर्गमूळ ठेवायचं नसतं. √३ ने गुणा म्हणजे खाली तीन येईल."

बाईंनी खाली गुणलं. खाली तीन आले. वर पाच होते ते पाचच राहिले.

"पुन्हा करा. वरही गुणायचं. कागद एकाच बाजूने ताणला तर चालेल का तुम्हाला?"

बाईंना ते लगेच कळलं, कारण एका मशीनवर त्यांच्या हातून तसं झालं होतं. साहेबांचा फोटो फक्त रुंदीला वाढला आणि साहेब दोन खुर्च्यांत मावतील असे दिसायला लागले. त्यांनी वरही गुणलं. आता वर पाच गुणिले √३, खाली तीन. उत्तर बरोबर होतं. पण बाईंनी पेन खाली ठेवलं.

"हे का करायचं?"

"काय का करायचं?"

"मूळ खाली होतं ते वर आणलं. गेलं तर नाहीच कुठे. मग खाली असलं तर कुणाचं काय बिघडत होतं?"

"नियम आहे, आई."

"कुणी केला?"

सुनेने वहीचं पान उलटून पाहिलं. मग म्हणाली, "गणितात तसंच असतं."

हे वाक्य बाईंनी कुठेतरी ऐकलं होतं. कुठेतरी कशाला, त्याच स्वयंपाकघरात ऐकलं होतं, आणि तेही स्वतःच्याच तोंडून. लग्न होऊन सून घरात आली त्या आठवड्यात तिने भांडी पुसायचं फडकं धुऊन, वाळवून, मधोमध दुमडून फळीवर ठेवलं होतं. बाईंनी ते उचललं, उलगडलं, त्याच्या तीन घड्या केल्या आणि परत ठेवलं. सुनेने विचारलं, "तीनच का?" बाई म्हणाल्या, "आमच्याकडे तसंच असतं." चार वर्षं सून निमूटपणे तीन घड्या करत होती.

सुनेलाही तेच आठवलं असावं, कारण तिच्या ओठांच्या कडेला काहीतरी हललं. बाईंनी ते बघितलं आणि त्यांचा पारा चढला.

"कारण कळल्याशिवाय मी हे करणार नाही," त्या म्हणाल्या.

"तीन गुणांचा प्रश्न असतो, आई. दर वर्षी असतो."

"असू दे."

"बरं. मग असं करू. मी छेदाचं कारण शोधते. तुम्ही फडक्याचं सांगा."

 फडक्याचं कारण त्यांना खरोखरच आठवेना. "आधी तुझं," त्या म्हणाल्या, आणि भाजी चिरायला घेतली.

सून जिद्दीची होती. दुसऱ्या दिवशी तिने शाळेत मुख्याध्यापकांना गाठलं. ते म्हणाले, अभ्यासक्रमात आहे म्हणून. तीस वर्षं गणित शिकवलेल्या ज्येष्ठ सहकाऱ्यांना विचारलं. त्यांनी बराच वेळ छताकडे बघितलं आणि म्हणाले, खाली मूळ असलं की बरं दिसत नाही. घरी हे सांगितल्यावर चिरंजीव म्हणाले, "राहू दे ना बिचारं खाली, त्याचं काय जातंय?" दोघींनी एकदमच त्यांच्याकडे अशी नजर टाकली की ते बाल्कनीत गेले.

इकडे बाईंचा संप चालू होता. सराव परीक्षेत त्या बाकीचं सगळं सोडवायच्या, वर्गमुळाशी आल्या की छेद आहे तसा ठेवून पुढे जायच्या, आणि दर वेळी पास व्हायला दोन किंवा तीन गुण कमी पडायचे. सून लाल पेनने तो आकडा लिहायची. शेवटी, परीक्षेला बारा दिवस उरले असताना, तिने हात टेकले.

"आई, मला माहीत नाही. मी आठ वर्षं शिकवतेय, आणि मला माहीत नाही. मला कुणी सांगितलंच नाही."

या क्षणाची बाई आठवडाभर वाट बघत होत्या. आता जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं. पण सुनेचा उतरलेला चेहरा बघून त्यांना काही तसं वाटेना. उलट वाईटच वाटलं. शिवाय परीक्षा बारा दिवसांवर होती आणि ती फुलाफुलांची उशी आहे तिथेच होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी इंजिनियर मोठा नकाशा घेऊन आले. मोठ्या कागदावरचा नकाशा छोट्या कागदावर हवा होता. बाईंनी नकाशा काचेवर ठेवला आणि न बघता एकाहत्तरचं बटण दाबलं. मोठ्याचं छोटं करायचं तर एकाहत्तर टक्के, छोट्याचं मोठं करायचं तर एकशे एकेचाळीस टक्के. ही दोन बटणं त्यांच्या बोटांत भिनलेली होती. नोकरीच्या पहिल्या आठवड्यात त्यांनी शहाणपणा केला होता. मोठा कागद म्हणजे छोटे दोन कागद शेजारी शेजारी, म्हणून त्यांनी दोनशे टक्के दाबलं होतं. तेव्हा अर्धं शहर कागदाबाहेर गेलं, त्यात साहेबांचं घरही गेलं. तेव्हाच्या प्रमुखांनी सांगितलं, एकशे एकेचाळीस दाबायचं. का, ते बाईंनी विचारलं नव्हतं. तेव्हा त्या नव्या होत्या.

मशीनचा दिवा काचेखालून सरकत होता आणि बाई पाठांतर पुटपुटत होत्या. "दोनचं वर्गमूळ एक पूर्णांक चार एक चार. तीनचं वर्गमूळ एक पूर्णांक सात तीन दोन." तिसऱ्यांदा म्हणताना त्यांची नजर बटणांवर गेली आणि त्या थबकल्या.

एक पूर्णांक चार एक. एकशे एकेचाळीस टक्के.

म्हणजे सव्वीस वर्षं आपण दोनच्या वर्गमुळावरच बोट ठेवत होतो! कागद दुप्पट होतो, पण त्याची बाजू दुप्पट होत नाही, मुळाइतकीच वाढते. असं होय! बाईंना इतका आनंद झाला, की त्यांनी इंजिनियरना बसायला स्टूल दिलं. इंजिनियर घाबरले, कारण असं पूर्वी कधी झालं नव्हतं.

ते गेल्यावर बाईंनी विचार केला. मोठं करताना √२ ने गुणतो, तर छोटं करताना √२ ने भागत असणार. एक भागिले √२, आणि ते एकाहत्तर यायला हवं. त्यांनी वाया गेलेला एक नकाशा पालथा घातला आणि एकाला एक पूर्णांक चार एक चारने भागायला बसल्या.

देवा! चौदाशे चौदाचा पाढा कुणाला येतो? चौदाशे चौदा सत्ते किती, हे काढायलाच अर्धा नकाशा गेला. खाडाखोड झाली, हातचे विसरले, बाकी राहिली, आणि उत्तर आलं शून्य पूर्णांक सात सात. बाईंनी मान हलवली. सत्त्याहत्तर टक्क्यांना नकाशाच्या कडा कापल्या जातात, हे त्यांच्या बोटांना पक्कं माहीत होतं. दुसरा नकाशा घेतला. त्यावर भलतंच काहीतरी आलं.

"बाई, फोनवर करा की," लॅमिनेशनवाला डोकावून म्हणाला.

"परीक्षेत फोन नसतो. तुम्ही तुमची उशी सांभाळा."

त्याने मान आत घेतली. तिसऱ्या नकाशावर बाईंना चूक सापडली. मध्ये एक शून्य द्यायचं राहत होतं. शून्य पूर्णांक सात शून्य सात, म्हणजे जवळजवळ एकाहत्तर टक्के. आलं एकदाचं! पण तोवर चहा गार झाला होता, कपाळावर घाम होता आणि दारात चारजण नकाशे घेऊन उभे होते.

त्यांचं काम उरकता उरकता बाईंना सुनेची रीत आठवली. वर-खाली √२ ने गुणायचं, की होतं √२ भागिले दोन. म्हणजे एक पूर्णांक चार एक चारचे निम्मे. निम्मे करायला कागद कशाला लागतो? चौदाचे सात, मग एकाचे शून्य, उरलेला एक आणि चार मिळून चौदा, त्याचे सात. त्यांनी बोटावर केलं: शून्य पूर्णांक सात शून्य सात. तेच उत्तर, आणि मशीनमधून कागद बाहेर पडायच्या आत!

बाई जागच्या जागी उभ्या राहिल्या. मग त्या इतक्या मोठ्याने हसल्या की चौघांपैकी एकाने घाईघाईने आपल्या नकाशाची पिन काढली.

संध्याकाळी पाच वाजता त्या टेबलाशी बसल्या आणि कोरा कागद सुनेपुढे सरकवला.

"एकाला एक पूर्णांक चार एक चारने भाग."

"कशाला?"

"भाग तर खरी. फोन नाही हं."

सुनेने भागायला घेतलं. खालचा ओठ दाताखाली धरला, पाढा मांडला, खोडला, परत मांडला. बाई चष्म्यावरून बघत होत्या. बऱ्याच वेळाने सून म्हणाली, "शून्य पूर्णांक सात सात."

"पुन्हा कर," बाई म्हणाल्या.

हे दोन शब्द उच्चारताना त्यांना जे सुख झालं त्याला तोड नाही. पण सुनेचे कान लाल झालेले दिसले तेव्हा त्या लगेच म्हणाल्या, "मधलं शून्य राहिलं. माझंही राहिलं होतं, दोनदा. आता ते सोड आणि एक पूर्णांक चार एक चारचे निम्मे सांग."

"शून्य पूर्णांक सात शून्य सात," सून पटकन म्हणाली. तिने डावीकडचं खाडाखोडीचं अर्धं पान बघितलं, उजवीकडची एक ओळ बघितली, आणि कपाळावर हात मारून घेतला.

"पूर्वी सगळं हातानेच करायचे," ती म्हणाली. "मूळ खाली असलं की भागताना जीव जायचा. वर असलं की साध्या दोनने, तीनने भागायचं. एवढंच होतं, आई! बाकी काही नाही!"

"नियमबियम काही नाही गं. कुणीतरी वैतागलेली बाई असणार. दहा वेळा भागून भागून नाकी नऊ आले असतील, मग म्हणाली, हे मूळ आधी वर काढा."

सून हसायला लागली ती थांबेचना. बाईही हसल्या. एवढं काय झालं म्हणून चिरंजीव बाल्कनीतून आत आले, आणि दोघी एका टेबलाशी बसून हसताहेत हे पाहून काळजीत पडले.

त्यानंतर बाईंनी मागे वळून बघितलं नाही. खाली दोन पदं असली, तीन वजा √३ वगैरे, तर वर-खाली तीन अधिक √३ ने गुणायचं म्हणजे खालचं मूळ जातं, हेही त्यांनी दोन संध्याकाळींत आत्मसात केलं. फक्त प्रत्येक पायरीला "का" विचारलं, आणि सुनेने प्रत्येक "का"चं उत्तर दिलं. एक-दोनदा "उद्या सांगते" म्हणाली आणि दुसऱ्या दिवशी सांगितलं.

परीक्षेच्या हॉलमध्ये बाकं लहान होती आणि बाईंचे गुडघे वर टेकत होते. आजूबाजूला त्यांच्या लेकराहून लहान मुलंमुली. प्रश्नपत्रिका आली. पहिल्या दोन पानांवर बाईंची गाडी अडखळत चालली. भूमितीत एक प्रमेय अर्ध्यात सुटलं आणि त्यांच्या तोंडचं पाणी पळालं. डोळ्यांपुढे टपाल खिडकी आली, डिंकाची बाटली आली. मग पान उलटलं, आणि तिथे होतं: सहा भागिले (तीन वजा √३), सोपं रूप द्या.

बाईंनी पेन घट्ट धरलं. वर-खाली तीन अधिक √३. खाली नऊ वजा तीन, सहा. वर सहा गुणिले कंस. सहाला सहा गेले. उरलं तीन अधिक √३. छेदच उरला नाही! त्यांनी उत्तराखाली रेघ ओढली आणि शेजारच्या मुलीने वळून बघावं इतका मोठा सुस्कारा सोडला.

निकाल लागला तेव्हा पास व्हायला जितके गुण लागतात तितकेच बाईंना पडले होते. एकही जास्त नाही. म्हणजे तो तीन गुणांचा प्रश्न गेला असता तर खुर्चीही गेली असती. सुनेने गुणपत्रिका तीनदा वाचली, आणि कधी नव्हे ती सासूच्या गळ्यात पडली. बाईंना काय करावं सुचेना, म्हणून त्यांनी तिच्या पाठीवर दोन थापट्या मारल्या. त्यांचेही डोळे भरून आले होते.

कार्यालयात लॅमिनेशनवाल्याने अभिनंदन केलं, मनापासून केलं, आणि कपाट उघडून उशी काढायला लागला.

"उशी राहू द्या," बाई म्हणाल्या. "माझी पाठ दुखते हल्ली."

त्या संध्याकाळी पाच वाजता सवयीने दोघी टेबलाशी येऊन बसल्या. शिकवायला काही नव्हतं. सून उठली, वाळलेलं फडकं आणलं आणि त्याच्या तीन घड्या केल्या. मग ते बाईंच्या पुढ्यात ठेवलं.

"माझं झालं, आई. आता तुमचं."

बाईंनी फडकं जवळ ओढलं. गेले कित्येक दिवस त्या आठवत होत्या, आणि दोन दिवसांपूर्वी, डबा धुताना, एकदम आठवलं होतं. सांगायचं धाडस होत नव्हतं, एवढंच.

"माझ्या सासूबाईंचं एक कपाट होतं," त्या म्हणाल्या. "त्याचा वरचा खण एवढासा अरुंद. मधोमध दुमडलेलं फडकं ठेवलं की खण अडकायचा. मग ओढा, धक्के मारा. तीन घड्या केल्या की बरोबर बसायचं."

"कुठंय ते कपाट?"

"वाळवी लागली. काढून टाकलं." बाईंनी घसा साफ केला. "तुझा नवरा रांगत होता तेव्हा."

सुनेने फळीकडे बघितलं. फळी चांगली दोन हात रुंद होती, उघडी होती, आणि तिच्यावर एक चादरसुद्धा न दुमडता मावली असती. ती हसेल असं बाईंना वाटलं होतं, पण ती हसली नाही.

बाईंनी फडकं उचललं, उलगडलं, मधोमध दुमडलं आणि स्वतःच्या हाताने फळीवर नेऊन ठेवलं.

"वैतागलेली बाई होती गं बिचारी," त्या म्हणाल्या. "आणि मी तिला कधी विचारलंच नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी चिरंजीव चहाचा कप विसळायला आले आणि फळीपाशी थांबले.

"हे फडकं असं का ठेवलंय? आपल्याकडे तीन घड्या असतात ना?"

सासू आणि सून एकदम वळल्या.

"का?" दोघींनी एकाच वेळी विचारलं.

चिरंजीवांनी दोघींकडे आळीपाळीने बघितलं, मग हातातल्या रिकाम्या कपाकडे बघितलं, आणि तो घेऊन ते बाल्कनीत गेले.